जात डोळ्यांना दिसते काय? : प्रत्यक्ष प्रमाणाच्या एका जुन्या वादाविषयी

१

तत्त्वज्ञान हा पोट भरलेल्यांचा विषय आहे, असे आपल्या माणसांत पुष्कळदा बोलले जाते. ज्याला उद्याच्या भाकरीची विवंचना आहे त्याने 'समोरचा घट खरा की भासमान' असला काथ्याकूट कशाला करावा, असा तो सवाल असतो. सवाल अगदीच खोटा नाही. पण याच काथ्याकुटात एके काळी आपल्या पूर्वजांच्या माणूसपणाचाही निवाडा झालेला आहे, हे एकदा ध्यानात आले म्हणजे या विषयाकडे पाठ फिरवून चालत नाही. ज्या ग्रंथांच्या आसपास फिरकण्याची आपल्या माणसांना बंदी होती, त्या ग्रंथांत आपल्याविषयी काय सिद्ध केले गेले आणि ते कोणी खोडून काढले, हे आपण स्वतः वाचून पाहिले पाहिजे.

प्रश्न वरवर साधा आहे. डोळे उघडले की आपल्याला नेमके काय दिसते? समोरची वस्तू जशी आहे तशी दिसते, की मनाने तिच्यावर चढवलेली नावे आणि वर्गही आपण 'दिसले' म्हणून सांगतो? युरोपात सतराव्या-अठराव्या शतकांत लॉक आणि बर्कली यांच्यापासून हा वाद नव्याने पेटला आणि अजून विझलेला नाही. भारतात तो त्याच्या हजारएक वर्षे आधीच ऐरणीवर होता. एका बाजूला नैयायिक आणि मीमांसक होते, दुसऱ्या बाजूला बौद्ध. वर्गात हा वाद शिकवताना मी मुलांना गाय आणि घट ही उदाहरणे देतो, पाठ्यपुस्तकांतही बहुधा तीच असतात. मूळ वादात मात्र आणखी एक उदाहरण आहे, आणि ते गाईपेक्षा व घटापेक्षा कितीतरी महागात पडलेले आहे. ते उदाहरण म्हणजे ब्राह्मणत्व. ब्राह्मणत्व ही डोळ्यांना दिसणारी वस्तू आहे काय, हा प्रश्न प्रमाणशास्त्रात अतिशय गंभीरपणे विचारला गेला होता. प्रस्तुत लेखात त्याचीच उकल करण्याचा प्रयत्न आहे.

२

प्रथम वास्तववाद्यांची बाजू समजून घेऊ. न्यायदर्शनाचे म्हणणे असे, की जग आपल्या जाणिवेवर अवलंबून नाही. आपण पाहिले किंवा न पाहिले तरी विहीर जागच्या जागी असते. इंद्रिय आणि वस्तू यांचा संबंध आला म्हणजे जे ज्ञान होते ते प्रत्यक्ष. पण असे कोणतेही ज्ञान न्यायसूत्रे प्रत्यक्ष म्हणून स्वीकारीत नाहीत. ते कुणाच्या सांगण्यातून आलेले नसावे, ते चुकणारे नसावे आणि ते संदिग्ध नसावे, अशा अटी तेथे घातलेल्या आहेत. या अटी वाचकांनी लक्षात ठेवाव्यात, पुढे त्यांचे काम पडणार आहे.

या वास्तववादाची मोठी ताकद भ्रमाच्या विवेचनात दिसते. उन्हात चकाकणारा शिंपला चांदीसारखा दिसला, म्हणून सगळेच दिसणे खोटे ठरत नाही. चांदी कुठेतरी खरोखर पाहिलेली असते म्हणूनच ती शिंपल्यावर भासते. वाकून शिंपला हाती घेतला की चूक उघडी पडते. म्हणजे चूक सुधारायची तीही आणखी जवळून, आणखी नीट पाहूनच. कष्टकऱ्याला हे म्हणणे सहज पटण्यासारखे आहे. ज्याच्या पाठीवर आसूड बसतो त्याला आसूड हा मनाचा खेळ आहे असे सांगून पाहा.

पण नैयायिक येथेच थांबत नाहीत. समोर एक तांबडी गाय उभी आहे आणि पलीकडे एक पांढरी. दोघींना आपण 'गाय' म्हणतो. का म्हणतो? कारण, ते म्हणतात, दोघींत 'गोत्व' नावाचा एकच, नित्य आणि खराखुरा पदार्थ वास करतो. तांबडी गाय मेली तरी गोत्व मरत नाही. आणि डोळा गाईला भिडतो तेव्हा तिच्यात समवायाने असलेल्या या गोत्वालाही भिडतो. म्हणजे गोत्व केवळ कल्पनेतले नसून चक्क डोळ्यांना दिसते. या पदार्थाचे शास्त्रातील एक नाव सामान्य, आणि दुसरे नाव जाती.

हा शब्दाचा योगायोग आहे काय? शास्त्रातली 'जाती' आणि आपल्या दाखल्यावरची 'जात' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, असे पुष्कळ पंडित बजावून सांगतात. घटत्व ही जाती आहे म्हणून कुणी घटाला गावाबाहेर ठेवले नाही, हे खरे. परंतु दोन्ही शब्दांच्या मुळाशी जन्म आहे, आणि दोन्ही ठिकाणी दावा एकच आहे: माणसामाणसांतील हा भेद आम्ही निर्माण केलेला नाही, तो वस्तूतच आहे, आम्ही फक्त पाहतो आणि सांगतो.

३

या दाव्यावर पहिला मोठा आघात केला तो दिङ्नाग या बौद्ध आचार्याने. त्याचा काळ साधारणतः पाचव्या-सहाव्या शतकांचा. त्याच्या 'प्रमाणसमुच्चया'तील मुख्य सिद्धांत असा, की प्रत्यक्ष म्हणजे कल्पनेचा स्पर्श न झालेले ज्ञान. आणि कल्पना म्हणजे काय? तर वस्तूला नाव, जाती, गुण, क्रिया इत्यादी चिकटवणे. डोळ्यासमोर जे येते ते एकमेवाद्वितीय असते, या क्षणाचे आणि या जागेचे. त्याला तो 'स्वलक्षण' म्हणतो. 'ही गाय आहे' असे म्हटले की आपण प्रत्यक्षाच्या बाहेर पडलो आणि मनाच्या कारखान्यात शिरलो. वर्ग आणि नावे या कारखान्यात तयार होतात. ती व्यवहाराला लागतात, त्यांच्याशिवाय बोलणे होत नाही, परंतु ती वस्तूच्या अंगावर उगवलेली नसतात. मग 'गाय' या शब्दाचा अर्थ काय? जे गाय नाही ते वगळणे, एवढाच. यालाच अपोहवाद म्हणतात.

सहाव्या-सातव्या शतकांच्या सुमारास धर्मकीर्तीने 'प्रमाणवार्त्तिका'त हा विचार अधिक धारदार केला. खरे कोणते आणि कल्पित कोणते, हे ओळखण्यासाठी त्याने एक कसोटी दिली: जे प्रत्यक्ष काम करते ते खरे. शास्त्रात याला अर्थक्रिया म्हणतात. विस्तव चटका देतो, म्हणून तो खरा. 'अग्नित्व' कुणाला चटका देत नाही आणि त्यावर भाकरीही भाजत नाही. एवढ्यावर प्रतिपक्ष विचारतो, की सगळ्या गाईंत समान असे काही नसेल तर त्या सगळ्या सारखेच काम कशा करतात? धर्मकीर्तीने यावर औषधी वनस्पतींचे उदाहरण दिले आहे. वेगवेगळ्या वनस्पती, कधी एकेकट्या तर कधी मिळून, ताप उतरवतात. म्हणून त्या सर्वांच्या पोटात 'तापहारकत्व' नावाचा एकच नित्य पदार्थ दडला आहे असे मानावे लागत नाही. गुळवेल वेगळी, काडेचिराईत वेगळे, कामापुरते आपण त्यांना एका पुडीत बांधतो. वर्ग आपला, गरज आपली.

येथे एक ऐतिहासिक गोष्ट नमूद केली पाहिजे. हा 'प्रमाणवार्त्तिक' ग्रंथ मूळ संस्कृतात भारतात कित्येक शतके उपलब्धच नव्हता. तिबेटी भाषांतर आणि प्रतिपक्षाने खंडनासाठी घेतलेले उतारे एवढ्यावरच त्याची ओळख उरली होती. राहुल सांकृत्यायन यांनी १९३० च्या दशकात तिबेटच्या मठांतून संस्कृत हस्तलिखिते शोधून आणली तेव्हा धर्मकीर्ती पुन्हा स्वतःच्या शब्दांत बोलू लागला. महाराष्ट्रात शरद पाटील यांनी दिङ्नाग-धर्मकीर्तींचे प्रमाणशास्त्र अब्राह्मणी विचाराच्या मांडणीसाठी पुढे आणले, हे या वाचकवर्गाला नव्याने सांगायला नको.

४

आता मूळ प्रश्नाकडे वळू. बौद्धांच्या या हल्ल्याला उत्तर देणाऱ्यांत सर्वांत समर्थ पुरुष म्हणजे मीमांसक कुमारिल भट्ट. त्याचा काळही सातव्या शतकाच्या आसपासचा. कुमारिलाचे म्हणणे असे, की आधी वस्तूचे अस्फुट दर्शन होते, तान्ह्या मुलाला होते तसे, आणि मग जाती, गुण इत्यादींसह स्पष्ट ज्ञान होते. पण हे दुसरे ज्ञानही प्रत्यक्षच होय, कारण त्यात जे स्पष्ट होते ते वस्तूतच असते. दिवा लावल्यावर घट दिसला, म्हणून घट दिव्याने निर्माण केला असे होत नाही.

इथपर्यंत वाद गाईचा आणि घटाचा आहे. पण कुमारिलाला वेद आणि वर्णाश्रम राखायचा आहे. यज्ञाचा अधिकार ब्राह्मणाला, मग ब्राह्मण ओळखायचा कसा? शेजारी उभ्या असलेल्या दोन माणसांना दोन हात, दोन डोळे, रक्त तांबडेच. त्यावर कुमारिल 'श्लोकवार्त्तिका'त उदाहरणांची एक मालिकाच देतो. तिचा आशय असा: सोने आणि तांबे यांतला फरक रंगावरून कळतो. पातळ केलेले तूप आणि तेल वासावरून किंवा चवीवरून कळते. राखेखालचा विस्तव स्पर्शाने कळतो. दूरचा घोडा आवाजावरून, घट आकारावरून. त्याचप्रमाणे ब्राह्मणत्व जन्मावरून, म्हणजे आईबापांवरून कळते. काही ठिकाणी ते आचारावरूनही कळते, मात्र तो आचार राजाने नीट राखलेला असला पाहिजे. 'तंत्रवार्त्तिका'तही तो हाच पक्ष मांडतो, की आईबाप कोण हे ठाऊक असलेल्या माणसाला ब्राह्मणत्व प्रत्यक्ष दिसते. माहितीचे साहाय्य लागले म्हणून ते प्रत्यक्ष नव्हे, असे म्हणता येत नाही.

हा युक्तिवाद हसण्यावारी नेण्यासारखा नाही. रत्नपारख्याला खड्यातले जे दिसते ते आपल्याला दिसत नाही. मुरलेल्या शेतकऱ्याला ढगात पाऊस दिसतो, आपल्याला नुसता ढग. शिकलेला डोळा अधिक पाहतो हे खरेच आहे. म्हणून कुमारिलाचा समर्थक म्हणेल, की ज्याला कुळाची माहिती आहे त्याचा डोळाही असाच शिकलेला आहे.

५

पण दोन्हींत एक मूलभूत फरक आहे. रत्नपारख्याला खडा कुठल्या पेढीवरून आला हे न सांगताच तो हातात द्या, तो परीक्षा करील. दुसरा पारखी स्वतंत्रपणे तीच परीक्षा करील. तूप आणि तेल अंधारातही वासावरून वेगळे कळते. मालिकेतील प्रत्येक उदाहरणात रंग, वास, चव, स्पर्श, आवाज, आकार असे काहीतरी इंद्रियाच्या हाती लागते. फक्त ब्राह्मणत्वापाशी आल्यावर इंद्रियाच्या हाती काहीच लागत नाही, आणि त्याच्या जागी एक बातमी येऊन बसते: 'हा अमक्याचा मुलगा.' ही बातमी ऐकलेली असते. आपण न्यायसूत्रांतील अट लक्षात ठेवली होती, की प्रत्यक्ष हे कुणाच्या सांगण्यातून आलेले नसावे. त्या अटीवर वास्तववाद्यांच्याच घरात हा दावा टिकत नाही.

त्याहून बोलका आहे तो राजा. सोन्याचा पिवळेपणा टिकवायला राजाची गरज लागत नाही. तुपाच्या वासावर शिपाई नेमावे लागत नाहीत. मग एकट्या ब्राह्मणत्वाच्या दिसण्यालाच राजाचा पहारा का लागावा? कुमारिलाने प्रामाणिकपणे लिहून ठेवलेल्या या एका अटीत सगळे रहस्य उघड झाले आहे. जे दिसण्यासाठी दंडशक्तीची जरुरी असते ते निसर्गाने ठेवलेले नसते, कुणीतरी राखलेले असते.

बौद्ध परंपरेत हा आक्षेप कुमारिलाच्या फार पूर्वीपासून आहे. सुत्तनिपातातील वासेट्ठसुत्तात दोन ब्राह्मण तरुणांचा वाद होतो, की ब्राह्मण जन्माने होतो की कर्माने. तथागत त्यांना गवत, झाडे, किडेमुंग्या, चतुष्पाद, साप, मासे आणि पक्षी एकेक करून दाखवतात. यांच्यातील जातिभेदाची चिन्हे शरीरावर असतात, माणसांत मात्र केसांपासून पायांपर्यंत तसे चिन्ह सापडत नाही. माणसांतील भेद व्यवहारातील नावांचा आहे: जो गाई राखतो तो शेतकरी, जो कारागिरीवर जगतो तो कारागीर. येथे तथागतांनी कोणतेही गूढ तत्त्व पुढे केलेले नाही. त्यांनी फक्त पाहायला सांगितले आहे.

न्यायशास्त्रातही अशा नावांसाठी वेगळा कप्पा आहे. 'स्वयंपाकी' ही जाती नव्हे, स्वयंपाक करतो म्हणून तो स्वयंपाकी. अशा चिकटलेल्या धर्माला उपाधी म्हणतात. मग ब्राह्मणत्व जाती की उपाधी, एवढाच प्रश्न उरतो. धर्मकीर्तीचे उत्तर स्पष्ट होते. माणसाची बुद्धी जड झाल्याच्या पाच खुणा त्याने सांगितल्या आहेत, त्यात जातीचा गर्व ही एक आहे. अकराव्या शतकाच्या सुमाराचा जैन तार्किक प्रभाचंद्र यानेही ब्राह्मणत्व नावाच्या नित्य जातीचे सविस्तर खंडन केले. आणि गंमत अशी, की मीमांसकांतीलच प्राभाकर पंथाने कुमारिलाचे हे म्हणणे नाकारले. शालिकनाथाच्या मते ब्राह्मणत्व अशी कोणतीही दिसणारी जाती नाही, विशिष्ट कुळात जन्म एवढाच त्या शब्दाचा अर्थ. पण यामुळे प्राभाकरांनी ब्राह्मणांचे अधिकार सोडले काय? मुळीच नाही. ही गोष्ट आपण विसरता कामा नये. वादातील पराभव मान्य करूनही व्यवस्था जशीच्या तशी चालू ठेवता येते.

या साऱ्या वादाचा निकाल आपल्या साहित्याने एका शीर्षकात लावला आहे. बाबुराव बागुलांच्या १९६३ सालच्या कथासंग्रहाचे नाव आहे 'जेव्हा मी जात चोरली होती'. जी वस्तू चोरून ठेवता येते ती चेहऱ्यावर दिसत नसते, हे त्या शीर्षकातच सिद्ध आहे. त्या कथेतील रेल्वेतला नायक काल जो होता तोच आज असतो, आणि तरी बातमी फुटल्यावर त्याला मार खावा लागतो. असा अनुभव आपल्यातील कुणाला नवा नाही. नोकरीच्या गावी खोली शोधताना एका घरमालकाने मला पाऊण तास बसवून चहा पाजला, शिक्षणाचे कौतुक केले. मग आडनाव विचारले, आणि खोली 'कालच दुसऱ्याला दिल्याचे' त्यांना आठवले. तो पाऊण तास त्यांचे डोळे उघडेच होते.

६

ब्रिटिश अमदानीत या जुन्या दाव्याने विज्ञानाचा पोशाख चढवला. १९०१ च्या जनगणनेचा आयुक्त हर्बर्ट रिस्ले याने नाकाची रुंदी आणि उंची यांचे प्रमाण काढून जातींची उतरंड मोजता येते असे प्रतिपादन केले. नाक जितके रुंद तितका सामाजिक दर्जा खालचा, असा त्याचा एकंदर सिद्धांत. कुमारिलाला जे चिन्ह सापडले नव्हते ते रिस्लेला मोजपट्टीने सापडले, असा भास निर्माण झाला. बाबासाहेबांनी अस्पृश्यांच्या मूळाविषयीच्या १९४८ सालच्या ग्रंथात ही मोजपट्टीच आपल्या हाती घेतली. डॉ. घुर्ये यांनी मांडलेले नासिकामापनाचे आकडे घेऊन त्यांनी दाखवले, की त्या मोजमापावरून ब्राह्मण आणि अस्पृश्य वेगळ्या वंशांचे ठरत नाहीत. येथे बाबासाहेबांची पद्धत पाहण्यासारखी आहे. मोजणे वाईट, डोळ्यांवर विश्वास ठेवू नका, असे ते म्हणत नाहीत. ते म्हणतात, नीट मोजा. दिसण्याचा दावा ते अधिक चांगल्या पाहण्याने मोडून काढतात. शिंपला हाती घेऊन पाहण्यासारखीच ही रीत आहे.

७

इथपर्यंत सर्व ठीक आहे. पण येथून पुढे एक सापळा आहे आणि त्यात आपलीही माणसे सापडतात. जात डोळ्यांना दिसत नाही, ती मनाची कल्पना आहे, हे सिद्ध झाले. मग लगेच कुणीतरी सभ्य गृहस्थ म्हणतो, 'मग सोडा ना तो विषय! आम्ही तर जात पाहतच नाही. तुम्हीच ती उकरून काढता.' कल्पना आहे म्हणजे नाहीच, असा हा निष्कर्ष. तो मान्य केला तर धर्मकीर्तीचा सगळा युक्तिवाद आपल्याच गळ्याला फास होऊन बसेल.

सगळे जग मिथ्या म्हणणाऱ्यांनी या देशात काय केले ते आपण पाहिले आहे. शंकराचार्यांच्या मते परमार्थाने ब्रह्म एकच, भेद सारे अविद्येचे. पण त्यांच्याच ब्रह्मसूत्रभाष्यात शूद्राला वेदाध्ययनातून विद्येचा अधिकार नाही असा निर्णय आहे. परमार्थात भेद नाहीत आणि व्यवहारात ते अबाधित, अशी ही दोन मजल्यांची माडी आहे. वरच्या मजल्यावर समता, खालच्या मजल्यावर गावकूस. बौद्ध विज्ञानवाद्यांचीही झेप बाह्य जग नाकारण्यापर्यंत गेली, आणि धर्मकीर्तीचा कलही शेवटी त्या दिशेचा आहे. तेवढ्यापुरते त्याच्यामागे जाण्याचे आपल्याला कारण नाही. गावच्या पाणवठ्याची चिंता त्याने केली नव्हती, तो बुद्धवचनाचे प्रामाण्य सिद्ध करीत होता. त्याची कसोटी मात्र आपण घेऊ शकतो.

ती कसोटी होती, काम करते ते खरे. यावर कुणी विचारील, की जात तर पाणी बंद करते, लग्ने मोडते, माणसे मारते. इतके काम करते म्हणजे ती खरीच म्हणावी काय? येथे बारकाईने पाहिले पाहिजे. महाडचे उदाहरण घेऊ. २० मार्च १९२७ रोजी बाबासाहेब आणि हजारो सत्याग्रही चवदार तळ्याचे पाणी प्याले. पाण्याने आपले काम केले, तहान भागवली. कुणाच्या ओंजळीत ते वेगळे झाले नाही. तळ्याच्या पाण्यात डोळ्याला, जिभेला किंवा नाकाला कळेल असा कोणताही बदल झाला नाही. तरीही नंतर सवर्णांनी गोमूत्र, शेण, दूध, दही यांच्या घागरी ओतून ते 'शुद्ध' केले. आता विचारू, काम कोणी केले? विटाळाने काही केले नाही, विटाळ नावाची वस्तू त्या पाण्यात नव्हतीच. काम केले ते माणसांनी. लाठ्या चालवणारे हात खरे होते, घागरी ओतणारे हात खरे होते, दिवाणी दावा लावणारे अर्जदार खरे होते. तो दावा मुंबई उच्च न्यायालयात १९३७ साली सत्याग्रहींच्या बाजूने निकालात निघाला, कारण ज्या अनादी वहिवाटीचा आधार घेतला होता ती पुराव्याने सिद्ध होईना. म्हणजे न्यायालयाला हात घालता आला तो वहिवाटीला. ती माणसांनी चालवलेली गोष्ट असते, तिला साक्षीपुरावा असतो.

ताप उतरवणाऱ्या वनस्पतींसारखेच हे आहे. सगळे काम वनस्पती करतात, 'तापहारकत्व' काहीच करीत नाही. तसे सगळे काम माणसे करतात: मालकी, दंड, बहिष्कार, सोयरिकी आणि शिकवण यांच्या बळावर करतात. 'जात' हे त्या सर्व कामांना बांधणारे नाव आहे. नावाला नित्य पदार्थ मानले तर ते पुसण्याची आशाच उरत नाही. नावाला काहीच नाही मानले तर ती कामे करणारे हात सुटून जातात. बाबासाहेबांनी १९३६ सालच्या, न होऊ दिलेल्या भाषणात जातीला मनाची धारणा म्हटले, तेव्हा ती हलकी आहे असे त्यांना म्हणायचे नव्हते. त्या धारणेला आधार देणाऱ्या ग्रंथांच्या प्रामाण्यावर आघात करा, असे ते सांगत होते.

आणखी एक भ्रम दूर केला पाहिजे. चूक कळली की चुकीचे दिसणे थांबते, असे आपण गृहीत धरतो. दोरी कळली की साप जातो. पण सगळे भ्रम असे नसतात. १८८९ साली म्यूलर-लायर या जर्मन अभ्यासकाने दाखवलेली आकृती प्रसिद्ध आहे. दोन सारख्या लांबीच्या रेघा, एकीच्या टोकांना आत वळलेले बाण आणि दुसरीच्या टोकांना बाहेर उघडणारे. पट्टीने मोजून सारख्या भरल्या तरी पुन्हा पाहिल्यावर एक लांब आणि एक आखूड दिसतेच. जातीचे पाहणे बरेचसे असे आहे. पुरोगामी माणसाला ती खोटी असल्याचे ठाऊक असते, तरी पंगतीत त्याची नजर चुकते. म्हणून केवळ प्रबोधनाने भागत नाही. रेघांच्या टोकांवरचे बाण पुसावे लागतात, म्हणजे वस्ती, पंगत, शाळा आणि सोयरीक यांची रचना बदलावी लागते.

८

या वादाचा आज उपयोग काय, याविषयी दोन गोष्टी सांगून लेख पुरा करतो.

पहिली गोष्ट पुराव्याची. अनुसूचित जाती-जमाती अत्याचार प्रतिबंधक कायदा १९८९ साली झाला आणि २०१५ साली त्यात दुरुस्त्या झाल्या. त्यात हेतुपुरस्सर अपमान करण्याच्या गुन्ह्याला एक अट आहे, की तो लोकांच्या नजरेस पडेल अशा जागी घडलेला असावा. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात, घराच्या चार भिंतींआड बाहेरचे कुणी हजर नसताना झालेला अपमान या अटीत बसत नाही, असा निर्णय दिला. कायद्याला नेमकेपणा लागतो हे मान्य आहे. तरी विचार करण्यासारखे हे आहे, की श्रेष्ठत्व सिद्ध करायचे होते तेव्हा कानावर आलेली कुळाची बातमी 'प्रत्यक्ष' म्हणून चालत होती, आणि अपमान सिद्ध करायचा आहे तेव्हा ज्याने तो सोसला त्याचे प्रत्यक्ष पुरत नाही, दुसऱ्याचे डोळे हजर असावे लागतात. कुणाचे पाहणे प्रमाण मानायचे, हा प्रश्न नुसता दर्शनशास्त्राचा राहत नाही, तो सत्तेचाही आहे.

दुसरी गोष्ट साहित्याची. दलित आत्मकथने म्हणजे नुसते कच्चे अनुभव, त्यांत चिंतन नाही, अशी तक्रार प्रस्थापित समीक्षेने वर्षानुवर्षे केली. या वादाच्या प्रकाशात ती तक्रार तपासावी. ज्या भाषेत आपल्याला लिहावे लागते तिच्यात शब्दाशब्दाला वर्ग चिकटलेले आहेत. 'गावकुसाबाहेरचा' म्हणताच गाव मध्ये येते आणि आपण बाहेर पडतो. अशा वेळी कुणी लेखक नाव बाजूला सारून समोरचे वर्णन करतो: फुटक्या कपातला चहा, वरून ओतलेले पाणी, शाळेत दाराजवळची जागा. तेव्हा तो चिंतन टाळत नसतो. दिङ्नागाने ज्या जागी बोट ठेवले, नाव चिकटण्याच्या आधीच्या त्या जागी तो वाचकाला नेत असतो. तेथे वाचकाला एक माणूस दिसतो, आणि त्या माणसाशी दुसरा माणूस काय करतो ते दिसते. मात्र तेथेच थांबून चालणार नाही. कप कोणी फोडून वेगळा ठेवला, पाणी वरून ओतण्याची रीत कोणाच्या फायद्याची, दाराजवळची जागा कोणी ठरवली, हे प्रश्न पुढे विचारावेच लागतील, आणि त्यांची उत्तरे शोधायला वर्ग, नावे व आकडे हेही लागतील. फरक एवढाच, की ती नावे आता आपण घडवलेली असतील, आणि ती नावेच आहेत याची आपल्याला जाणीव असेल.

आपल्या तरुण अभ्यासकांना म्हणून माझी विनंती आहे, की त्यांनी न्याय, मीमांसा आणि बौद्ध प्रमाणशास्त्र हे ग्रंथ परक्यांचे समजून दूर ठेवू नयेत. ते कठीण आहेत, पण शत्रूच्या किल्ल्याचा नकाशा शत्रूच्याच दप्तरात सापडतो. कुमारिलाने राजाचा उल्लेख केला नसता, तर त्याच्या मालिकेतील कच्चा दुवा इतका सहज हाती लागला नसता. तो तेराशे वर्षे तेथे लिहिलेला होता. वाचण्याचा अधिकार मात्र आपल्याला आत्ता आत्ता मिळाला आहे.